वाचकांचे प्रश्न : परत केलेले पदक आणि पोकळ रचलेली लाकडे

मागील अंकात ऑस्ट्रेलियातील ॲबोरिजिनल, म्हणजे तिथल्या मूळ रहिवासी समाजांतल्या, अभिनेत्रींविषयी एक छोटे टिपण छापले होते. जागेअभावी त्यातल्या अनेक गोष्टी ओझरत्या उल्लेखावर सोडाव्या लागल्या होत्या आणि वाचकांनी नेमके तिथेच बोट ठेवले आहे. सारख्या आशयाची पत्रे एकत्र करून त्यांतील सात प्रश्नांची उत्तरे येथे देत आहोत.

प्रश्न : सरकारने दिलेला सन्मान परत करणाऱ्या एका अभिनेत्रीचा आपण केवळ एका वाक्यात उल्लेख केला होता. त्या कोण? त्यांनी तो सन्मान का परत केला आणि त्यांच्या अभिनयाशी त्याचा काही संबंध होता का?

उत्तर : त्या अभिनेत्री म्हणजे जस्टीन साँडर्स. त्यांचा जन्म १९५३ मध्ये क्वीन्सलँड राज्यातील क्विल्पी या आडगावी झाला. त्यांचे कूळ वोप्पाबुर्रा लोकांचे, म्हणजे त्याच राज्याच्या किनाऱ्यालगतच्या केपेल बेटांवरचे. वयाच्या अकराव्या वर्षी त्यांना आईपासून काढून ब्रिस्बेनच्या एका कॉन्व्हेंटमध्ये ठेवण्यात आले. हे त्यांच्या एकटीच्या वाट्याला आले नव्हते. ॲबोरिजिनल मुलांना, विशेषतः मिश्र वंशाच्या मुलांना, आईबापांपासून तोडून गोऱ्यांच्या संस्थांत किंवा घरांत वाढवायचे, हे ऑस्ट्रेलियातील सरकारांचे अनेक दशकांचे अधिकृत धोरण होते. १९१० ते १९७० या काळात दर तीन ते दहा ॲबोरिजिनल मुलांमागे एक मूल अशा रीतीने नेले गेले असावे, असा अंदाज १९९७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या राष्ट्रीय चौकशी अहवालाने मांडला. त्या मुलांना ‘चोरलेल्या पिढ्या’ असे म्हटले जाते.

साँडर्स यांना रंगभूमीवरील कामगिरीसाठी १९९१ मध्ये ‘ऑर्डर ऑफ ऑस्ट्रेलिया’चे पदक मिळाले होते. नऊ वर्षांनी, २००० साली, संघराज्य सरकारने सिनेटच्या समितीपुढे एक निवेदन ठेवले. नेलेल्या मुलांचे प्रमाण फार तर दहा टक्के असल्यामुळे ‘चोरलेली पिढी’ असे काही नव्हतेच, असा त्याचा मथितार्थ होता. दहा टक्क्यांना पिढी म्हणावे की नाही, असा हा शब्दकोशाचा वाद घालणारे मंत्री आणि स्वतः त्या दहा टक्क्यांतली असलेली अभिनेत्री, असा तो सामना होता. साँडर्स यांनी पदक परत पाठवले. पुढे १३ फेब्रुवारी २००८ रोजी पंतप्रधान केविन रड यांनी संसदेत या मुलांची जाहीर क्षमा मागितली, तेव्हा साँडर्स हयात नव्हत्या. त्या आदल्याच वर्षी वारल्या होत्या.

आता अभिनयाशी असलेला संबंध. सिडनीच्या रेडफर्न भागात १९७० च्या दशकात ॲबोरिजिनल कलाकारांनी ‘नॅशनल ब्लॅक थिएटर’ उभे केले. तिथे १९७५ मध्ये रॉबर्ट मेरिट यांचे ‘द केक मॅन’ हे नाटक आले. मेरिट यांनी ते तुरुंगात असताना लिहिले होते. मिशनच्या वस्तीवर राहणारी, बायबलवर भाबडी श्रद्धा असलेली आई ही त्यातील साँडर्स यांची भूमिका. पुढे १९८६ च्या ‘द फ्रिंज ड्वेलर्स’ या चित्रपटात गावकुसाबाहेर राहणाऱ्या एका ॲबोरिजिनल कुटुंबातील आईही त्यांनीच उभी केली. आईपासून तोडलेली ही मुलगी पडद्यावर आणि रंगमंचावर पुन्हापुन्हा आई होत राहिली. त्याला मी योगायोग म्हणायला तयार नाही, पण त्यामागे काही योजना होती असेही नाही. त्या काळी ॲबोरिजिनल स्त्रीसाठी लिहिल्या जाणाऱ्या भूमिकाच मोजक्या साच्यांतल्या असत.

हा साचा मोडण्याची एक संधी त्यांना १९७६ मध्ये मिळाली होती. ‘नंबर ९६’ या लोकप्रिय मालिकेत त्यांनी केशरचनाकार तरुणीचे काम केले. पिढ्यान्‌पिढ्यांचे दुःख नाही, गूढ शक्ती नाही. केस कापणारी, गप्पा मारणारी एक शेजारीण. आज हे वाचून कोणाला विशेष वाटणार नाही, पण त्या काळच्या ऑस्ट्रेलियन दूरचित्रवाणीवर ही दुर्मीळ बाब होती. मात्र चांगली भूमिका कधीतरी वाट्याला येण्याची वाट पाहत बसायचे, की ती लिहिणारे लोक तयार करायचे, याचा निकाल साँडर्स यांनी आपल्यापुरता लावून टाकला होता. १९८७ मध्ये कॅनबेरा येथे कृष्णवर्णीय नाटककारांची पहिली राष्ट्रीय परिषद भरली आणि तिच्यातून ‘ॲबोरिजिनल नॅशनल थिएटर ट्रस्ट’ उभा राहिला. त्याच्या उभारणीत साँडर्स यांचा वाटा होता.

प्रश्न : अभिनय म्हणजे परकायाप्रवेश, असे आपण मानतो. मग ॲबोरिजिनल पात्र ॲबोरिजिनल कलाकारानेच करावे, हा आग्रह कलेच्या मुळावर येत नाही का?

उत्तर : प्रश्न रास्त आहे आणि तत्त्व म्हणून मला तो पटतोही. पण ऑस्ट्रेलियात हा परकायाप्रवेश दीर्घकाळ एकाच दिशेने चालला होता, हे आधी पाहायला हवे.

१९५५ चा ‘जेडा’ हा रंगीत छायाचित्रणातील पहिला ऑस्ट्रेलियन कथापट. त्यातील दोन प्रमुख भूमिका रोझली कुनॉथ आणि रॉबर्ट टुडावाली या ॲबोरिजिनल कलाकारांनी केल्या. त्या काळी ही मोठी गोष्ट होती आणि तिचे श्रेय दिग्दर्शक चार्ल्स शोवेल यांना द्यायलाच हवे. पण त्याच चित्रपटातील जो नावाचे मिश्र वंशाचे पात्र, म्हणजे समंजस आणि चांगली नोकरी असलेला तरुण, तोंडाला काळा रंग फासलेल्या गोऱ्या नटाने केले. कुनॉथ तेव्हा ॲलिस स्प्रिंग्जच्या एका वसतिगृहात राहणारी शाळकरी मुलगी होती. तिच्या समाजात मुलीने परपुरुषाच्या नजरेला नजर देणे हा मर्यादाभंग होता आणि कॅमेऱ्याला तर नेमकी तीच नजर हवी होती. चित्रीकरणात आपली किती कुचंबणा झाली, हे त्यांनी पुढे अनेकदा सांगितले. पडद्यावरचे त्यांचे पहिले नावही बदलून ‘न्गार्ला’ करण्यात आले होते. म्हणजे कलाकार त्यांच्यातली निवडली, पण ती स्वतः कोण, हे तिला विचारण्याची गरज कोणाला वाटली नाही.

१९६७ मध्ये ‘जर्नी आउट ऑफ डार्कनेस’ हा चित्रपट आला. त्यातील ॲबोरिजिनल माग काढणाऱ्याची भूमिका एका गोऱ्या नटाने चेहरा काळा करून केली आणि ॲबोरिजिनल कैद्याच्या भूमिकेसाठी निवड झाली ती मलेशियात जन्मलेल्या, तमिळ वंशाच्या कमाल या गायकाची. योगायोग पाहा, त्याच वर्षी २७ मे रोजी ऑस्ट्रेलियात जनमत घेण्यात आले आणि ॲबोरिजिनल लोकांना देशाच्या लोकसंख्येत मोजण्यास अडथळा आणणारे राज्यघटनेतील कलम नव्वद टक्क्यांहून अधिक मतांनी रद्द झाले. खानेसुमारीत जागा मिळाली. पडद्यावर ती मिळायला आणखी वेळ लागायचा होता. पाच वर्षांनी, १९७२ मध्ये, ‘बोनी’ या मालिकेतील अर्धा ॲबोरिजिनल गुप्तहेर न्यूझीलंडच्या एका गोऱ्या नटाने रंगवला आणि त्या वेळी मात्र निषेधाचे आवाज उमटले.

तेव्हा ‘कोणीही काहीही करावे’ या तत्त्वाचा लाभ आजवर कोणाला झाला, असा हा प्रतिप्रश्न आहे. त्याची दुसरी बाजू डेबोरा मेलमन यांच्या कारकिर्दीत दिसते. क्वीन्सलँडच्या माउंट आयझा या खाणीच्या गावात जन्मलेल्या मेलमन यांचे वडील बिजारा या ॲबोरिजिनल जमातीचे आणि आई न्यूझीलंडच्या मूळच्या माओरी समाजातली. १९९८ मध्ये ‘रेडियन्स’ या चित्रपटासाठी ऑस्ट्रेलियन फिल्म इन्स्टिट्यूटचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार त्यांना मिळाला. प्रमुख भूमिकेसाठी तो मिळवणाऱ्या त्या पहिल्या ॲबोरिजिनल अभिनेत्री. याच सुमारास त्यांनी शेक्सपिअरच्या नाटकांत कॉर्डेलिया आणि रोझलिंडही केल्या. लिअर राजाची धाकटी लेक कृष्णवर्णीय कशी, असे विचारणाऱ्याला नाटकच कळले नाही, असे म्हणता येईल. मग तोच परकायाप्रवेश, फक्त या वेळी उलट्या दिशेने. ही दिशा पुरेशी खुली झाली, की पहिल्या दिशेबद्दलचा आग्रह सैल करण्याविषयी बोलता येईल. आज ती वेळ आलेली नाही, असे माझे मत आहे.

प्रश्न : ‘ॲबोरिजिनल’ असे इंग्रजी विशेषण वापरण्यापेक्षा सरळ ‘आदिवासी’ का लिहीत नाही?

उत्तर : कारण आपल्याकडे ‘आदिवासी’ या शब्दाला स्वतःचा इतिहास आणि कायदेशीर संदर्भ आहे आणि तो तिकडच्या लोकांवर लादल्याने गोंधळच वाढतो. शिवाय ऑस्ट्रेलियातले मूळ रहिवासी हा एकच समाज नव्हे. १७८८ मध्ये इंग्रजांची वसाहत झाली, तेव्हा तिथे अडीचशेहून अधिक भाषा बोलल्या जात होत्या. टॉरेस सामुद्रधुनीतील बेटांवरचे लोक ॲबोरिजिनल लोकांहून वेगळे आहेत आणि त्यांचा उल्लेखही वेगळा करतात. क्वीन्सलँडचे लोक स्वतःला बहुधा ‘मरी’ म्हणवतात, न्यू साउथ वेल्स आणि व्हिक्टोरियाकडचे ‘कूरी’, तर नैर्ऋत्येकडचे ‘नूंगार’. ‘ॲबोरिजिनी’ हे जुने नाम आज अपमानकारक समजले जाते. शक्य तेथे त्या त्या जमातीचे नाव घ्यावे, हे उत्तम.

याच वाचकांनी आणखी एक विचारले आहे : तिकडच्या कार्यक्रमांच्या आरंभी दिवंगत व्यक्तींची दृश्ये असल्याची सूचना का असते? अनेक समाजांत मृत्यूनंतर काही काळ त्या व्यक्तीचे नाव घेत नाहीत आणि तिची प्रतिमा पाहत नाहीत. नाव घ्यायचे की नाही, हे कुटुंब ठरवते. नट डेव्हिड गुल्पिलिल २०२१ च्या नोव्हेंबरात निवर्तले, तेव्हा त्यांचे नाव आणि चित्र वापरायला घरच्यांनी संमती दिली होती.

प्रश्न : या कलाकारांची नाटके आणि चित्रपट पाहिले, तर सगळीकडे अन्याय आणि दुःखच दिसते. प्रेक्षक म्हणून एक प्रकारचा थकवा येतो. हे लोक कधी हसत नाहीत का?

उत्तर : हसतात, आणि बऱ्याचदा तुमच्या-माझ्यासारख्या प्रेक्षकांना हसतात. याचे सर्वांत चांगले उदाहरण ज्या नाटकाच्या नावातच शोक आहे, त्यातच सापडते. डेबोरा मेलमन आणि वेस्ली इनॉक यांनी मिळून लिहिलेले ‘द सेव्हन स्टेजेस ऑफ ग्रीव्हिंग’ हे एकपात्री नाटक १९९५ मध्ये ब्रिस्बेनला आले. पहिले प्रयोग मेलमन यांनी केले. नेपथ्य अगदी मोजके. वर दोरांनी टांगलेली बर्फाची मोठी लादी आणि तिच्याखाली नुकत्या बुजवलेल्या थडग्यासारखा मातीचा ढिगारा. प्रयोग चालू असताना बर्फ वितळत राहतो, थेंब मातीवर पडत राहतात आणि प्रेक्षकाला हवे असो वा नसो, तो आवाज त्याच्या कानांत मुरत जातो.

त्यात एक सूटकेस आहे. आईवडिलांच्या घरात ती एका जागी ठेवलेली असते. घरातले कोणी गेले, की भिंतीवरचा त्याचा फोटो काढायचा आणि त्या सूटकेसमध्ये ठेवून द्यायचा. नटी आपल्याला सूटकेसबद्दल सांगते, घरातल्या इतर फोटोंबद्दल सांगते, आणि बोलता बोलता ती सूटकेस किती जड झाली असेल याचा हिशेब आपल्याच मनात सुरू होतो. मागच्या उत्तरातली नाव न घेण्याची रीत इथे रंगमंचावर एक वस्तू होऊन आली आहे.

आणि याच नाटकात, याच नटीच्या तोंडी, दुकानात कपडे घ्यायला जाण्याचा एक प्रसंग आहे. काळी कातडी घेऊन सकाळी उठलेली बाई दुकानात शिरते आणि विक्रेती तिच्यावर डोळा ठेवून मागे मागे फिरू लागते. हे सगळे एखाद्या नकलाकाराच्या झपाट्याने येते. प्रेक्षागृह हसते. हसून झाल्यावर कोण कशाला हसले, हे मात्र ज्याचे त्याने पाहायचे.

पण तुमच्या थकव्यात तथ्य आहे आणि तो थकवा खुद्द या कलाकारांनाही आला होता. डार्विनच्या मिरांडा टॅप्सेल या अभिनेत्रीने त्यावर उघड भूमिका घेतली. त्या लराकिया आणि तिवी वंशाच्या. २०१५ च्या लोगी समारंभात नवोदितांसाठीची दोन पारितोषिके त्यांना मिळाली. ऑस्ट्रेलियन दूरचित्रवाणी उद्योग जिथे नटूनथटून जमतो, त्या समारंभातच त्यांनी दूरचित्रवाणीवर वेगवेगळ्या वर्णांची माणसे आणखी दिसू द्या, असे व्यासपीठावरून सांगितले. त्यानंतर त्या बोलून थांबल्या नाहीत. ‘टॉप एंड वेडिंग’ हा २०१९ चा चित्रपट त्यांनी सहलेखिका म्हणून लिहिला आणि त्यात प्रमुख भूमिका केली. लग्न ठरलेली वकील तरुणी, घर सोडून गेलेली आई, होणाऱ्या नवऱ्याची तारांबळ आणि तिवी बेटांवरचा शेवट. हा धडधडीत प्रेमविनोदी चित्रपट आहे. त्याच सुमारास, २०१७ मध्ये, नकिया लुई यांचे ‘ब्लॅक इज द न्यू व्हाइट’ सिडनीला रंगमंचावर आले. सुखवस्तू ॲबोरिजिनल कुटुंब, नाताळची सुट्टी आणि मुलीने घरी आणलेला बेकार गोरा संगीतकार. श्रीमंतांच्या बैठकीच्या खोलीतला फार्स लिहिण्याचा हक्क, हीदेखील या कलाकारांची एक मागणीच होती.

प्रश्न : लीया पर्सेल यांनी एका अभिजात ऑस्ट्रेलियन कथेची ‘मोडतोड’ केली, असे वाचनात आले. नामवंत लेखकाची कथा अशी बदलणे योग्य आहे का?

उत्तर : कथा हेन्री लॉसन यांची. ‘द ड्रोव्हर्स वाइफ’ ही १८९२ मधली. नवरा गुरे हाकत महिनोन्‌महिने दूर गेलेला, रानात एकटे झोपडे, लहान मुले, एक कुत्रा आणि घराच्या जमिनीखाली शिरलेला साप. बाई रात्रभर जागी राहते. ऑस्ट्रेलियात पिढ्यान्‌पिढ्या ही कथा वाचली गेली आहे. तिच्यात एक छोटासा तपशील आहे. आदल्या दिवशी एका ॲबोरिजिनल माणसाने बाईला लाकडे फोडून रचून दिलेली असतात. रास इतकी मोठी दिसते, की ती त्याचे कौतुक करते. रात्री लाकूड ओढायला जाते तो सगळी रास कोसळते, कारण त्याने ती आतून पोकळ रचलेली असते. बाईच्या डोळ्यांत पाणी येते. त्या माणसाला कथेत नाव नाही आणि तसे पाहिले तर बाईलाही नाही.

पर्सेल याही ॲबोरिजिनल अभिनेत्री. त्यांचा जन्म १९७० मध्ये क्वीन्सलँडमधील मर्गन या गावी झाला. ही कथा लहानपणी त्यांची आई त्यांना वाचून दाखवत असे. पुढे नाटक लिहायला बसल्या तेव्हा त्यांनी तीच जुनी, पाने सुटलेली प्रत हाताशी घेतली. २०१६ मध्ये सिडनीच्या बेल्व्हॉर नाट्यगृहात आलेल्या त्यांच्या नाटकात बाईला मॉली जॉन्सन असे नाव आहे. लाकडांवर लबाडी करणाऱ्या त्या बिननावाच्या माणसाच्या जागी यडाका नावाचा हाडामांसाचा माणूस आहे, आणि मॉलीच्या स्वतःच्या रक्तात काय आहे, हा नाटकाचा गाभा आहे. मॉलीची भूमिका पर्सेल यांनीच केली. २०१७ मध्ये या नाटकाला व्हिक्टोरियाचा सर्वोच्च साहित्य पुरस्कार मिळाला. कादंबऱ्या आणि कवितासंग्रहांना मागे टाकून एका नाट्यसंहितेला मिळालेला हा एक लाख डॉलरचा मान होता. त्याच कथेवर त्यांनी पुढे कादंबरी लिहिली आणि २०२१ मध्ये चित्रपट दिग्दर्शित केला. त्यातही मॉली त्याच.

योग्य की अयोग्य, असे तुम्ही विचारता. लॉसन यांची कथा जिथे होती तिथेच आहे. ती कोणी मिटवलेली नाही. पण ज्याने लाकडे रचली त्याची बाजू सव्वाशे वर्षे कोणी विचारली नव्हती, आणि ती विचारायला जी आली ती अभिनेत्री होती, समीक्षक नव्हे. नटाला पात्राचा हेतू लागतो. पोकळ रास रचणाऱ्याच्या मनात काय होते, हे ठरवल्याखेरीज तो प्रसंग उभाच करता येत नाही. मला ही मोडतोड वाटत नाही. संहितेचे इतके बारीक वाचन फार थोडे समीक्षक करतात.

प्रश्न : आता पडद्यावर या समाजाचे कलाकार लोकसंख्येच्या मानाने जास्तच दिसतात, असे म्हणतात. मग ही चळवळ कशासाठी चालू आहे?

उत्तर : आकडे बरोबर आहेत. ऑस्ट्रेलियन दूरचित्रवाणीवरील कथामालिकांच्या २०१६ च्या पाहणीत प्रमुख पात्रांपैकी सुमारे ५ टक्के मूलनिवासी आढळली. २०२३ च्या पाहणीत हे प्रमाण ७ टक्क्यांच्या वर गेले होते, तर लोकसंख्येतील अंदाजित वाटा ३.८ टक्के आहे. हे आपोआप घडले नाही. ऑस्ट्रेलियन फिल्म कमिशनने १९९३ मध्ये मूलनिवासी चित्रपटकारांसाठी स्वतंत्र विभाग काढला आणि त्यातून लेखक, दिग्दर्शक, निर्माते यांची एक फळी तयार झाली. २०१२ ची ‘रेडफर्न नाउ’ ही मालिका लेखनापासून निर्मितीपर्यंत त्यांच्याच हातून झाली. २०१९ पासून ‘टोटल कंट्रोल’मध्ये डेबोरा मेलमन सिनेटर म्हणून संसदेत बसलेल्या दिसल्या, त्यामागेही तीच फळी होती.

मात्र पात्रांची शिरगणती ही या मागणीची सर्वांत वरची साल आहे. संहिता कोणाची, तालमीत शेवटचा शब्द कोणाचा, पैसे कोणाच्या सहीने सुटतात, हे प्रश्न त्या टक्केवारीत येत नाहीत. मेलबर्नमध्ये बॉब माझा आणि जॅक चार्ल्स यांनी १९७१ मध्ये ‘निन्देथाना’ ही ॲबोरिजिनल नाट्यसंस्था काढली. ती फार काळ टिकली नाही. रेडफर्नचे ब्लॅक थिएटर १९७७ मध्ये पैशाअभावी बंद पडले. मेलबर्नमध्येच १९९० मध्ये सुरू झालेली ‘इल्बिजेरी’ ही नाट्यसंस्था मात्र आजही चालू आहे. २००८ मध्ये तिची सूत्रे बॉब माझा यांच्या कन्या रेचल माझा यांच्याकडे आली. त्याही मूळच्या अभिनेत्री. ‘रेडियन्स’मध्ये मेलमन यांची बहीण झालेल्या. वडिलांची संस्था मिटताना पाहिलेल्या पिढीतील मुलीने दुसरी संस्था दीर्घकाळ चालवून दाखवली, हे मला कोणत्याही पुरस्काराहून मोलाचे वाटते.

आणि भाषेचा मुद्दा तर अजून टक्केवारीच्या जवळपासही आलेला नाही. पर्थच्या ‘यिर्रा याकिन’ या संस्थेने २०२० मध्ये शेक्सपिअरच्या ‘मॅकबेथ’वरून ‘हेकाटी’ हे नाटक केले, ते संपूर्णपणे नूंगार भाषेत. रूपांतर आणि दिग्दर्शन कायली ब्रॅकनेल यांचे, त्याही अभिनेत्रीच. ही भाषा सफाईने बोलणारे लोक आज थोडे उरले आहेत, त्यामुळे नाटकाची तालीम म्हणजे भाषेचा वर्गही होता. आपल्याच आजीची भाषा एखाद्या नटाला संवाद पाठ करण्याच्या निमित्ताने शिकावी लागते, हे चित्र डोळ्यांपुढे आणा, म्हणजे चळवळ कशासाठी आहे, ते लक्षात येईल.

प्रश्न : मी नाट्यशास्त्राची विद्यार्थिनी आहे. सूटकेस आणि बर्फाच्या लादीचे ते एकपात्री नाटक मराठीत करावे, असे मनात आहे. करू का?

उत्तर : हक्क विकत घेतले, की काम झाले, अशी आपली समजूत असते. येथे दोन वेगळ्या परवानग्या समजून घ्याव्या लागतील. एक, नेहमीचे भाषांतराचे आणि प्रयोगाचे हक्क. ते प्रकाशकामार्फत लेखकांकडे मागायचे. दुसरी गोष्ट कायद्याच्या कागदावर पूर्णपणे मावत नाही. ॲबोरिजिनल समाजांत कथा, गाणे, नृत्य हे बहुधा एका व्यक्तीच्या मालकीचे नसते. ते कुटुंबाचे वा कुळाचे असते आणि ते कोणी, कोठे, कोणासमोर सांगावे याचे नियम असतात. ऑस्ट्रेलियातील कलासंस्थांनी याबाबत लेखी मार्गदर्शक संहिता केल्या आहेत. त्यांचा सारांश असा, की आधी विचारा, काम चालू असताना दाखवत राहा आणि श्रेय व मोबदला यांत वाटा द्या.

हे नाटक आजवर रंगमंचावर करणाऱ्या अभिनेत्री त्याच समाजातल्या आहेत. तेव्हा तुम्हाला नकार येण्याची शक्यता गृहीत धरूनच पत्र लिहा, आणि त्या पत्रात आपण कोण आहोत, हे नाटक आपल्याला का करावेसे वाटते आणि प्रेक्षक कोण असतील, हे सरळ सांगा. प्रयोगाऐवजी वर्गापुरते अभिवाचन करण्याची मुभा मागणे, हा मधला मार्ग मला अधिक बरा वाटतो. होकार आलाच, तर तासभर टिकेल आणि तरीही थेंब थेंब गळत राहील एवढी बर्फाची लादी छताला कशी टांगायची, यासाठी नेपथ्यकाराला आधीपासून कामाला लावा.